पाल भिंतीला कशी चिकटते?

मुलांनी हा प्रश्न विचारला, की आपण ‘पाय हवा शोषून धरतात’ असे सांगून मोकळे होतो. एकेकाळी काही शास्त्रज्ञांचाही हाच तर्क होता. १९३४ मध्ये डेलिट यांनी तो तपासला. निर्वातातही पाल चिकटलेलीच! म्हणजे हवेचा दाब हे कारण नव्हे. क्ष-किरणांनी हवा आयनीभूत केली, तरी पकड सुटली नाही. स्थितविद्युतही बाद झाली. डिंक म्हणावा, तर बोटांवर तो स्रवणाऱ्या ग्रंथीच नाहीत. मग उरले काय?

२००२ मध्ये केलर ऑटम आणि सहकाऱ्यांनी उत्तर दिले. बोटांवरच्या लक्षावधी सूक्ष्म केसांची फाटलेली टोके भिंतीला अगदी भिडतात. तिथले रेणूरेणूंमधले व्हॅन डर वाल्स आकर्षण एकेकटे क्षीण, पण मिळून पालीचे वजन सहज पेलते.

वर्गात आपणही आधी उत्तर न सांगता, मुलांबरोबर एकेक तर्क असाच तपासून पाहू या.