झाउअरक्राउट : जर्मन ताटातील आंबट कोबी

झाउअरक्राउट म्हणजे शब्दशः आंबट कोबी. मात्र या आंबटपणात व्हिनेगरचा थेंबही नसतो. बारीक चिरलेल्या कोबीला किलोमागे सुमारे २० ग्रॅम मीठ चोळून तो चिनी मातीच्या बरणीत दाबून भरतात. सुटलेल्या पाण्यात कोबी पूर्ण बुडालेला हवा. वर राहिलेल्या पात्यांवर बुरशी धरते. कोबीवरच्याच जिवाणूंमुळे त्यातील साखरेचे लॅक्टिक आम्ल होते. १८ ते २० अंश सेल्सिअस तापमानात ही क्रिया चार ते सहा आठवडे चालते.

शरद ऋतूत भरलेली बरणी हिवाळ्यात, ताज्या भाजीच्या अभावी, क जीवनसत्त्वाचा आधार ठरे. स्कर्व्ही टाळण्यासाठी कॅप्टन जेम्स कुक यांनी १७६८ च्या सफरीत हा कोबी जहाजावर घेतला होता. खलाशी तो खाईनात. तेव्हा कुक यांनी तो रोज अधिकाऱ्यांच्या मेजावर वाढायला लावला आणि आठवडाभरातच खलाशांना तो मोजून द्यावा लागला!

जर्मन घरांत तो बहुधा शिजवून वाढतात. डुकराच्या किंवा हंसाच्या चरबीत कांदा मऊ होईपर्यंत परततात, लाल होऊ देत नाहीत. त्यात अर्धा किलो आंबवलेला कोबी, एका सफरचंदाच्या फोडी, जुनिपर झुडपाची चार-पाच वाळलेली फळे आणि लॉरेलचे एक पान घालतात. (हे पान म्हणजे आपले तमालपत्र नव्हे; दोन्हींचा स्वाद निराळा.) बव्हेरियात कॅरवेचे दाणे आणि चिमूटभर साखरही पडते. पेलाभर व्हाइट वाइन किंवा मांसाचे पाणी ओतून, झाकण ठेवून, मंद आचेवर पाऊण तास शिजवतात. रस पातळ वाटल्यास कच्चा बटाटा किसून घालतात. भांडे स्टीलचे असावे; आम्लामुळे ॲल्युमिनियम उपयोगाचे नाही.

कोबी आधी धुवावा, असे अनेक पाककृतींत सांगितलेले असते. तसे केल्यास चवच वाहून जाते. चाखून फार खारट लागला तरच धुवावा. मीठही अखेरीस, चव पाहून. शिजवल्याने आंबवणीतील जिवाणू मरतात, म्हणून काही जण मूठभर कच्चा कोबी शेवटी मिसळतात.

सॉसेज, खारवलेले डुकराचे मांस आणि उकडलेले बटाटे हे त्याचे नेहमीचे सोबती. दुसऱ्या दिवशी गरम केलेला क्राउट अधिक रुचकर मानला जातो. विल्हेल्म बुश यांच्या १८६५ मधील ‘माक्स उंड मोरिट्स’ या सचित्र पद्यकथेतील विधवा बोल्टेबाईलाही तो तसाच आवडतो. तो आणायला ती तळघरात उतरते आणि तेवढ्यात दोन टारगट पोरे धुराड्यातून गळ सोडून तिच्या तव्यातल्या कोंबड्या पळवतात.