पाव, फळ आणि पंक्ति

भाजलेल्या पावाच्या कापांवर फळांच्या फोडी रचून जेवणापूर्वीं पाहुण्यांपुढें ठेवाव्या, ही रीत आमच्याकडे नवी आहे. परंतु पाव आणि फळ यांस एका पंक्तीस यावयास शतकें लागलीं.

पाव आणि पेरू हे दोघेही पोर्तुगीजांबरोबर आमच्या किनाऱ्यावर उतरले. पेरू मूळचा अमेरिकेंतला, मिरचीही तिकडचीच. तथापि पेरूस कोणी फिरंगी म्हणून अडविलें नाहीं. उलट तो उपवासाच्या फराळांत जाऊन बसला. पावापायीं मात्र माणसें वाळींत पडत. भेदाचें कारण जन्मभूमींत नव्हतें, हातांत होतें. फळ झाडावर पिकतें, तें कोणाकडूनही घेतां येई. पाव पाण्यानें मळलेला, आंबविलेला, परक्या भट्टींत भाजलेला. तो खाणें म्हणजे त्या परक्या हातास आपला म्हणणें होतें.

१८४९ सालीं मुंबईंत निघालेल्या परमहंस सभेनें नेमकें हेंच ओळखलें. सभासद होणारास ख्रिस्ती माणसाच्या हातचा पाव खावा लागे. मात्र सारा व्यवहार गुप्त. १८६० च्या सुमारास बिंग फुटतांच सभा मोडली. पुढें १८९० सालीं पुण्याच्या पंचहौद मिशनांत चहा-बिस्किटें पुढें आलीं, उपस्थितांचीं नांवें वर्तमानपत्रांत झळकलीं आणि ग्रामण्य माजलें. न्यायमूर्ति रानडे व लोकमान्य टिळक या दोन पक्षांच्या पुढाऱ्यांसही प्रायश्चित्त चुकलें नाहीं.

आमच्या भागांत फळें आलीं तीं पाण्याच्या वाटेनें. बारामती व इंदापूर हे पर्जन्यछायेंतले तालुके, ज्वारी-बाजरीच्या भाकरीचे. १८७६ ते ७८ च्या दुष्काळानंतर नीरेचा डावा कालवा निघाला व भाटघरला साठविलेलें पाणी येथवर पोंचलें. प्रथम ऊंस आला. पुढें द्राक्षें, डाळिंबें, पेरू. ठिबक सिंचनानें तर दूरच्या माळावरही डाळिंब लागलें.

कृति सोपी आहे. काप तव्यावर तुपांत दोन्ही बाजूंनीं खरपूस भाजावे. गोडासाठीं वर घट्ट चक्का, त्यावर द्राक्षांच्या फोडी व थोडा मध घालावा. तिखटासाठीं चक्क्यांत मीठ व जिरेपूड मिसळून वर पेरूच्या पातळ फोडी, डाळिंबाचे दाणे आणि बारीक चिरलेली हिरवी मिरची घालावी. फळ वाढतेवेळींच ठेवावें; आधीं ठेवल्यास रस उतरून काप मऊ पडतो.

हा पाव कोणी मळला, असें आज पाहुणा विचारीत नाहीं. ही गोष्ट आनंदाची खरीच. परंतु बेकरींतल्या पावास जी सूट मिळाली, ती वेशीबाहेरच्या वस्तींतल्या शेजाऱ्याच्या भाकरीसही मिळाली आहे काय, हा प्रश्न आम्हां बारामती-इंदापूरकरांनीं आपल्या मनास एकदां विचारून पाहावा.