माओरींचें चलच्चित्र आणि पूर्वजांचें दर्शन

जित समाजाचा इतिहास बहुधा जेत्याच्या दप्तरांतून वाचावा लागतो. तेथें त्या समाजाचीं माणसें दिसतात, परंतु बोलणारी जीभ दुसऱ्याची असते. न्यूझीलंडांतील माओरी लोकांनीं चलच्चित्राच्या साधनानें या स्थितीवर जो उपाय शोधला, तो वाचकांपुढें ठेवावा असें आम्हांस वाटतें.

१८४० सालीं वाइतांगी येथें माओरी सरदार आणि ब्रिटिश राजसत्ता यांच्यामध्यें करार झाला. त्याची शताब्दी दृष्टीपुढें ठेवून ते पुइया या कर्तबगार माओरी राजकन्येनें जुन्या धर्तीच्या युद्धनौका बांधविण्याचा संकल्प सोडला. १९३७ ते १९४० या काळांत त्या कामाचें चित्रणही करविण्यांत आलें. नौका पाण्यावर तरंगल्या, पण चित्रपट मात्र अपुराच राहिला. पुढें अर्धशतक त्या फिती अंधारांत पडून होत्या.

त्यांना वाचा फोडली ती मेराटा मीता या माओरी बाईंनीं. बाईंचा जन्म १९४२ चा. म्हणजे चित्रण झालें तेव्हां त्या या जगांतही नव्हत्या. प्रथम त्या शिक्षिका होत्या. ऑक्लंड येथील बॅस्टिअन पॉइंट या आपल्या वडिलार्जित भूमीवर माओरी लोक ठाण मांडून बसले होते. २५ मे १९७८ रोजीं, म्हणजे ५०७ व्या दिवशीं, पोलिसांनीं २२२ जणांना पकडून त्यांना हुसकून लावलें. त्या दिवसावरील बाईंचा अनुबोधपट १९८० त निघाला. १९८८ सालीं ती भूमि परत देण्याचें सरकारनें मान्य केलें. याचें श्रेय एका चित्रपटास देणें हा अतिरेक होईल. परंतु अन्याय विस्मृतींत जाऊं न देणें, हेंही कांहीं लहान कार्य नव्हे.

नौकांच्या जुन्या फितींतून बाईंनीं 'माना वाका' हा चित्रपट १९९० त सिद्ध केला. संकलनाचें काम शहरांतील चित्रशाळेंत न होतां तुरांगावाइवाइ येथील माओरी सभास्थानीं झालें. आमच्या मतें या कार्याचें मर्म येथेंच आहे. परक्या अभ्यासकास ज्या फितींत केवळ सुतारकाम दिसेल, तेथें वंशजांस आपले आजे-पणजे दिसतात. अशा दर्शनास स्थळाचें औचित्य लागतेंच.

कोणी म्हणेल कीं, चित्रांत बांधलेली परंपरा गोठून जाते. परंतु त्याच वर्षीं, कराराच्या दीडशेव्या स्मरणदिनीं, वाइतांगीच्या किनाऱ्यावर अनेक युद्धनौका एकत्र आल्या. ज्या समाजाचे हात अद्याप वल्हें मारीत आहेत, त्याला जुनें चित्र म्हणजे थडगें नव्हे, तो कित्ता होय.

मीता बाई २०१० सालीं निवर्तल्या. २०१८ त त्यांच्या पुत्रानें जुन्या चित्रफितींच्याच आधारें मातेचें चरित्र पडद्यावर आणलें. जिनें पूर्वजांस वंशजांच्या भेटीस आणलें, तिची भेटही पुढील पिढ्यांस त्याच मार्गानें घडली. वारसा जपणें तें याहून निराळें काय असतें?