चांद्याचे लोहखनिज आणि पिंपरी-चाकणचा उद्योगपट्टा : एक ऐतिहासिक दृष्टिक्षेप

प्रस्तावना :
पिंपरी-चिंचवड व चाकण पट्ट्याचा इतिहास सर्वसाधारणपणे १९६२ साली स्थापन झालेले औद्योगिक विकास महामंडळ व १९६६ मधील टेल्कोचे आगमन यांपासून सांगितला जातो. तथापि वाहनास लागणाऱ्या पोलादाचा मागोवा घेतल्यास तो राज्याच्या पूर्व टोकाशी, जुन्या चांदा जिल्ह्याशी जाऊन भिडतो.

पूर्वपीठिका :
चांद्यात स्थानिक कारागीर लाकडी कोळशाच्या लहान भट्ट्यांत लोखंड गाळीत. १८८२ मध्ये या जिल्ह्यातील लोहोद्योगाविषयीचा फॉन श्वार्त्झ यांचा अहवाल जमशेटजी टाटांच्या वाचनात आला. लोहाऱ्याचे खनिज उत्तम होते. परंतु वरोऱ्याचा दगडी कोळसा पोलादासाठी अनुपयुक्त ठरला. पुढे प्रमथनाथ बोस यांनी १९०४ मध्ये मयूरभंजचे साठे कळविले आणि १९०७ साली स्थापन झालेल्या टाटा कंपनीचा कारखाना साकचीस उभा राहिला. त्याच उद्योगसमूहाची टेल्को कालांतराने पिंपरीत आली. चांदा मात्र मागेच राहिला.

सद्यःस्थिती :
१९८२ मध्ये चंद्रपूरमधून गडचिरोली जिल्हा वेगळा झाला. तेथील सुरजागड येथे डिसेंबर २०१६ मध्ये माओवाद्यांनी खनिजवाहू वाहने जाळली. २०२१ पासून उत्खननास वेग आला. माडिया गोंडांच्या ठाकूरदेवाचा हा डोंगर आज खाणपट्टा आहे. अनेक ग्रामसभांनी खाणीस विरोध नोंदविला आहे.

निष्कर्ष :
एकेकाळी कोळशाअभावी वाचलेला डोंगर आता पोलादाच्या मागणीपुढे टिकत नाही. म्हणून उद्योगनगरीच्या इतिहासलेखनात कारखान्याच्या फाटकाइतकेच खाणीच्या तोंडाशी असलेल्या गावालाही स्थान मिळणे अगत्याचे आहे.