फ्लीट वॉकर : जॅकी रॉबिन्सनच्या ६३ वर्षं आधी खेळलेला कृष्णवर्णीय कॅचर

अमेरिकेच्या मेजर लीग बेसबॉलमधला पहिला कृष्णवर्णीय खेळाडू कोण, असं विचारलं की बहुतेक जण १९४७ साली मैदानात उतरलेल्या जॅकी रॉबिन्सनचं नाव घेतात. पण त्याच्या ६३ वर्षं आधी मोझेस फ्लीटवुड वॉकर टोलेडोच्या संघाकडून खेळला होता. तो कॅचर होता.

कॅचर म्हणजे साधारण आपला विकेटकीपर. पण त्याच्याकडे आणखी एक काम असतं. पुढचा चेंडू कसा टाकायचा, याची खूण पिचरला तोच करतो. त्या काळी आजच्यासारखे गुबगुबीत ग्लोव्हजही नव्हते, त्यामुळे कॅचरची बोटं कायम सुजलेली असायची.

वॉकरचा जन्म १८५६ मध्ये ओहायो राज्यातला. कॉलेजात शिकलेला हा गडी १८८३ मध्ये टोलेडोत आला. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये शिकागोचा संघ प्रदर्शनीय सामन्यासाठी आला आणि त्यांचा कर्णधार कॅप अ‍ॅन्सन अडून बसला : वॉकर असेल तर आम्ही खेळणार नाही. गंमत म्हणजे हात दुखावल्यामुळे वॉकर त्या दिवशी खेळणारच नव्हता! टोलेडोच्या मॅनेजरने मुद्दाम त्याला संघात घेतलं आणि खेळला नाहीत तर तिकिटांचा वाटा मिळणार नाही, असं सुनावलं. अ‍ॅन्सन निमूट खेळला.

१८८४ मध्ये टोलेडोचा संघ मेजर लीगमध्ये गेला. वॉकर ४२ सामने खेळला, सरासरी .२६३. कॅचरसाठी हे आकडे चांगलेच म्हणायचे. त्यातही त्याच्याच संघाचा पिचर टोनी मुलेन त्याच्या खुणांकडे बघायचाही नाही. आपल्याला कृष्णवर्णीय माणूस आवडत नसे, म्हणून मनाला येईल तसा चेंडू टाकायचो, पण वॉकर हा आपण पाहिलेला सर्वोत्तम कॅचर होता, अशी कबुली मुलेनने पुढे म्हातारपणी दिली. कसला चेंडू येतोय हे माहीत नसताना तो जवळजवळ उघड्या हातांनी झेलायचा, याची कल्पना करून बघा. रिचमंडहून तर पत्र आलं, की वॉकर मैदानात उतरला तर ७५ जण त्याच्यावर चालून जातील. पण दुखापतींमुळे तोवर त्याचा मोसम संपला होता.

१४ जुलै १८८७ रोजी अ‍ॅन्सन पुन्हा आडवा आला. वॉकर तेव्हा न्यूआर्कच्या संघात होता आणि या वेळी माघार न्यूआर्कने घेतली. त्याच दिवशी त्यांच्या लीगच्या संघमालकांनी यापुढे कृष्णवर्णीयांशी नवे करार न करण्याचं ठरवलं. वॉकर नंतर सिरॅक्यूजकडून १८८९ पर्यंत खेळला. त्या लीगमध्ये पुढचा कृष्णवर्णीय खेळाडू दिसला तो १९४६ मध्ये. तो जॅकी रॉबिन्सन.

बेसबॉल सुटल्यावर वॉकरने थिएटर चालवलं, पेटंटं मिळवली. १९०८ मध्ये त्याने 'आवर होम कॉलनी' हे पुस्तक लिहिलं. अमेरिकेत आपल्याला बरोबरीची वागणूक कधीच मिळणार नाही, तेव्हा कृष्णवर्णीयांनी आफ्रिकेत जावं, असं त्यात त्याने मांडलं होतं. १९२४ मध्ये तो वारला. ओहायोतल्या स्ट्यूबेनव्हिलमध्ये त्याची कबर आहे. तिच्यावर नावाचा दगड बसला १९९० मध्ये.