मृगापासून सुरू होणारं साल

पानिपतच्या लढाईचा दिवस, १४ जानेवारी १७६१. त्या दिवसाचं साल तेव्हाच्या जाणत्या कारकुनाला पाच तऱ्हांनी लिहिता आलं असतं : शालिवाहन शके १६८२, हिजरी ११७४, फसली ११७०, शुहूर ११६१ आणि राज्याभिषेक शक ८७. मराठेशाहीच्या दप्तरात यांतला शुहूर सन पावलोपावली भेटतो. त्याला अरबी सन म्हणत, सुरसन म्हणत आणि मृगसालही म्हणत. या शेवटच्या नावातच त्याची कुळकथा आहे.

विज्ञानकथेचा लेखक परग्रहावरच्या लोकांसाठी कालगणना रचतो, तेव्हा तिथं सूर्य किती, चंद्र किती याचा हिशोब आधी मांडतो. चौदाव्या शतकात दख्खनमध्ये अशीच एक कालगणना नव्यानं जुळवावी लागली. सुलतानी कारभार हिजरी सनावर चाले. ते वर्ष चंद्राचं, सुमारे ३५४ दिवसांचं. शेती मात्र सूर्याच्या वर्षानं पिकते. त्यामुळे हिजरी वर्ष दर साली अकरा दिवस अलीकडे सरकतं आणि साधारण बत्तीस पिकांच्या काळात तेहतीस वर्षं मोजली जातात. वसुलीची तारीख हिजरी सनावर ठरली, तर आज पीक खळ्यावर असताना येणारी मागणी काही वर्षांनी पीक उभं असतानाच दारात येणार. रयतेला ते जाच, सरकारला घाटा.

यावर निघालेली तोड साधी आणि खोल होती. हिजरी सनाचा चालू आकडा उचलायचा आणि तिथून पुढे वर्ष मोजायचं सूर्याचं. गणित मागे नेलं की ही जोडणी हिजरी ७४५ला, म्हणजे इ.स. १३४४ला येऊन थांबते. तेव्हा दख्खनवर मुहम्मद बिन तुघलकाचा अंमल होता. वर्षाचा पहिला दिवस ठरला तो सूर्य मृग नक्षत्रात शिरण्याचा. आकडा अरबस्तानचा, नववर्षदिन मात्र इथल्या पेरणीचा.

पुढे आदिलशाही आली, मराठेशाही आली, तरी हे साल कागदांवर टिकून राहिलं. ते आकड्यात न लिहिता अरबी संख्यानामांत लिहीत, तेही एकं, दहं, शतं असं उलट्या क्रमानं. पानिपतचं साल मोडी कागदावर ‘इहिदे सितैन मया व अलफ’ असं येतं. इहिदे म्हणजे एक, सितैन साठ, मया शंभर, अलफ हजार, बेरीज ११६१. १६७४च्या पावसाळ्यातला कागद असेल तर ‘खमस सबैन अलफ’, पाच, सत्तर, हजार. याच १६७४च्या ज्येष्ठात शिवाजी महाराजांनी राज्याभिषेक शक सुरू केला, फारसी शब्दांना पर्याय देणारा राज्यव्यवहारकोश करवून घेतला. तरीही पेशवाईअखेर हिशेबाचं साल शुहूरच राहिलं, कारण त्याची नाळ पेरणीशी होती.

गंमत अशी की वर्ष सूर्याचं झालं तरी तारखा मोहरम, सफर, जमादिलाखर अशा चांद्र महिन्यांच्याच राहिल्या. म्हणून ३६५ दिवसांच्या एका मृगसालात चांद्र वर्षाच्या सुमारे अकरा तारखा दोनदा येतात, एकदा आरंभी आणि एकदा शेवटी. जुना कागद वाचणाऱ्याला इथं थांबून मजकुरावरून ताळा घ्यावा लागतो.

शुहूर सुरू झाल्यावर तीनेक शतकांनी, शाहजहानच्या काळात, १६३६ला, दख्खनी फसली सन निघाला. युक्ती तीच. हिजरी १०४६चा आकडा उचलून तो सौर वर्षाला जोडला. तोवर शुहूर सन १०३७वर होता. दोन्ही सालं मूळ हिजरीचीच, तरी त्यांत नऊचं अंतर का? १३४४ ते १६३६ ही २९२ सौर वर्षं होतात, तेवढ्याच काळात चांद्र वर्षं ३०१ भरतात. हे नऊचं अंतर म्हणजे तीन शतकांत चंद्रानं घेतलेली आघाडी. शंकर बाळकृष्ण दीक्षित आणि रॉबर्ट सिवेल यांनी १८९६च्या आपल्या इंग्रजी ग्रंथात हिंदुस्थानच्या इतर कालगणनांबरोबर या सनांचीही नीट मांडणी केली आहे.

कारभारातून शुहूर सन गेला, पण त्याचा नववर्षदिन आमच्या संकेश्वर-निपाणी पट्ट्यात आजही सगळ्यांना ठाऊक आहे. मृग निघतो ७ किंवा ८ जूनला. त्याआधी नांगरट, कुळवणी उरकलेली असते, बी-बियाणं घरात आलेलं असतं. पंचांगात यंदा मृगाचं वाहन कोणतं, कोल्हा की बेडूक की हत्ती, याची पारावर चर्चा होते. मराठी शेतकरी ‘मिरगाचा पाऊस’ म्हणतो, बांधापलीकडचा कन्नड शेतकरी ‘मृगशिरा मळे’. राज्याची हद्द इथं वादाची झाली, पाटीवरची भाषा वादाची झाली. पावसाच्या नक्षत्रांवर कधी वाद झाला नाही. कालगणना लादून टिकत नाही, ती लोकांच्या कामाला लागली तरच टिकते, हे मला या सालानं शिकवलं.

सीमाभागातल्या कितीतरी घरांत इनामाचे, वतनाचे मोडी कागद अजून पेटीत आहेत. ते रद्दीत घालू नयेत. अरबी शब्दांतलं साल जुळवावं आणि त्यात ५९९ मिळवावेत. मजकूर जानेवारी ते मृगाच्या आतला असेल तर ६००. कागद इसवी सनाच्या कोणत्या वर्षीचा आहे ते लगेच कळतं.