गोष्ट कुठल्या सालापासून?

काकेशस पर्वतातून उतरणाऱ्या इंगुरी नदीवर सोव्हिएत काळात बांधलेलं एक धरण आहे. त्याची कमानी भिंत २७१ मीटर उंच आहे. ही भिंत जॉर्जियाच्या ताब्यात आहे. तिथलं पाणी बोगद्यातून ज्या वीजघरात पडतं, ते मात्र अबखाझियात. म्हणजे जॉर्जियातून फुटून निघालेल्या आणि आज रशियन सैन्याच्या आधारावर उभ्या असलेल्या मुलखात. जॉर्जियाला अबखाझियाचं स्वातंत्र्य मान्य नाही, तरी वीज दोन्ही बाजू इतकी वर्षं वाटून घेत आल्या आहेत.

मी जॉर्जियाच्या राजधानीत, तिबिलिसीला, वैद्यकीय शिक्षणासाठी गेले, तेव्हा अबखाझिया हे नाव मला नवं नव्हतं. ते मला आमच्या साताऱ्याच्या अण्णाकाकांनी दिलं होतं. काका १९६३ साली मॉस्कोच्या लुमुंबा विद्यापीठात इंजिनिअरिंग शिकायला गेले. वसतिगृहात त्यांचा खोलीसोबती होता गुदाउता भागातला एक अबखाझ तरुण. काकांना रशियन शिकवलं ते प्रोफेसरांपेक्षा त्यानंच. सुट्टीत तो त्यांना घरीही घेऊन गेला होता. आम्हा मुलांना काका काळ्या समुद्राच्या, संत्र्यांच्या बागांच्या आणि सुखुमीच्या माकडांच्या प्रयोगशाळेच्या गोष्टी सांगत. मी मोठी झाल्यावर त्यांनी उरलेल्या गोष्टी सांगितल्या.

त्या सोबत्याची गोष्ट १८६४ पासून सुरू व्हायची. त्या साली झारनं काकेशस जिंकून संपवला आणि पुढच्या वर्षांत अबखाझांची गावंच्या गावं जहाजांत बसून तुर्कस्तानला गेली. त्याच्या पणजीची सगळी भावंडं गेली, ती एकटी मागं राहिली. १९२१ मध्ये सोव्हिएत सत्ता आली, अबखाझियाला स्वतंत्र प्रजासत्ताकाचा दर्जा मिळाला. १९३१ साली स्तालिननं तो काढून अबखाझियाला जॉर्जियात घातलं. अबखाझांचा नेता नेस्तर लाकोबा डिसेंबर १९३६ मध्ये तिबिलिसीत स्तालिनच्या विश्वासातल्या बेरियाच्या घरी जेवला आणि काही तासांत मेला. विष घातलं, हे तिथं कुणाला सिद्ध करून दाखवावं लागत नाही. मेल्यावर त्याला लोकशत्रू ठरवलं, बायको-मुलाचा तुरुंगात बळी घेतला. मग अबखाझ भाषेची लिपी बदलून जॉर्जियन केली, आणि १९४५-४६ मध्ये अबखाझ शाळाच बंद. काकांचा सोबती पहिली इयत्ता आपल्या भाषेत शिकला. पुढं शाळा उघडली तेव्हा समोर नव्या बाई होत्या आणि त्यांचं एक अक्षर त्याला कळत नव्हतं. मधल्या सुट्टीत आपल्या भाषेत बोलला म्हणून हातावर पट्टी बसली. हे सांगताना काका स्वतःचा तळहात उलटा करून दाखवत.

स्तालिन आणि बेरिया दोघंही जन्मानं जॉर्जियन, त्यात बेरिया तर सुखुमीजवळच्या गावचा. त्यामुळं मॉस्कोच्या हुकमाचा राग अबखाझांच्या मनात तिबिलिसीच्या खात्यावर जमा होत गेला.

तिबिलिसीत मी ज्यांच्याकडे भाड्यानं राहिले त्या आजींना सगळे बेबिया म्हणत, जॉर्जियनमध्ये आजीला तसंच म्हणतात. बेबिया अबखाझियाच्या राजधानीतल्या, सुखुमीच्या. त्यांची गोष्ट १४ ऑगस्ट १९९२ ला सुरू होत असे. त्या दिवशी संरक्षणमंत्री कितोवानीच्या हुकमाखाली जॉर्जियन फौजा सुखुमीत शिरल्या. सोव्हिएत संघ मोडून वर्ष झालं नव्हतं. जॉर्जियात नुकतंच यादवी युद्ध होऊन गेलेलं, माजी सोव्हिएत परराष्ट्रमंत्री शेवर्दनाद्झे सत्ता हाती घ्यायला परत येऊन पाच महिने झालेले. अबखाझियाच्या सव्वापाच लाख लोकांत जॉर्जियन जवळजवळ निम्मे होते, अबखाझ जेमतेम १८ टक्के. बेबियांना वाटलं, आपलीच माणसं आली, आता शांतता होईल. ती माणसं लुटालूट करत फिरली. ऑक्टोबरात अबखाझांचं अभिलेखागार जळालं. एका लहान समाजाचे कागद एका दिवसात राख झाले. तिबिलिसीतले माझे मित्र ही गोष्ट सहसा सांगत नसत. बेबिया सांगत, त्याबद्दल मला त्यांचा आदर वाटतो.

मग पारडं फिरलं, आणि ते फिरवणारा हात मॉस्कोचा होता. त्याच वर्षी सोव्हिएत सैन्याच्या वाटणीत जॉर्जियालाही मॉस्कोकडूनच रणगाडे मिळाले होते. दुसरीकडं अबखाझांना गुदाउताच्या रशियन तळाचा आधार होता. उत्तर काकेशसमधून त्यांच्या बाजूनं लढायला स्वयंसेवक आले, त्यांत शामिल बसायेव होता. तोच पुढं चेचन्यासाठी रशियाविरुद्ध लढला आणि १९९५ मध्ये त्यानं रशियातल्या बुद्योनोव्स्कच्या रुग्णालयात शेकडो लोक ओलीस धरले. जुलै १९९३ मध्ये रशियाच्या हमीवर युद्धबंदी झाली, जॉर्जियानं जड शस्त्रं मागं घेतली. सप्टेंबरमध्ये अबखाझांनी हल्ला केला. हमी देणाऱ्यानं त्यांना अडवलं नाही. २७ सप्टेंबरला सुखुमी पडलं.

दोन लाखांहून जास्त जॉर्जियन घराबाहेर पडले. बेबिया कोदोरी खोऱ्यातून साकेनीमार्गे खिंड चढून जॉर्जियाच्या स्वानेतीकडे निघाल्या. अंगावर पातळ कोट, पायात घरात घालायच्या चपला, पिशवीत मक्याचं पीठ आणि घराची नोंदवही. त्या वर्षी डोंगरावर बर्फ लवकर पडला. वाटेत किती जण गोठून मेले ते त्यांनी मोजलं नाही. सांगत त्या एवढंच, की धाकट्या बहिणीला त्या रात्रभर थोबाडीत मारत होत्या, तिला झोप लागू नये म्हणून. बहीण वाचली.

पुढची अकरा वर्षं त्या तिबिलिसीच्या हॉटेल इव्हेरियात राहिल्या. एकेकाळचं शहरातलं मानाचं हॉटेल, विस्थापितांनी खचाखच भरलेलं. एकेका खोलीत एकेक कुटुंब, जागा कमी म्हणून गॅलऱ्या प्लायवूडनं बंद केलेल्या. २००४ मध्ये खोलीमागं ७००० डॉलर देऊन सगळ्यांना हलवलं. आता तिथं पुन्हा चकचकीत हॉटेल आहे. बेबिया त्या रस्त्यानं जात नसत.

एका संध्याकाळी काकांचा व्हिडिओ कॉल आला तेव्हा त्या शेजारीच बसल्या होत्या. दोघं रशियनमधून बोलू लागले. आधी सुखुमीचा समुद्रकिनारा, तिथली कॉफी, हवा. मग काकांनी सोबत्याच्या शाळेचं काढलं आणि अगदी सहज विचारलं, ‘‘आपले वडील अबखाझियात कधी आले?’’

‘‘१९३९,’’ बेबिया म्हणाल्या. पश्चिम जॉर्जियातल्या मिंग्रेलियातून कोलखोजच्या, म्हणजे सामूहिक शेतीच्या, ट्रकमध्ये बसवून ओचामचिरेला आणलेलं. सरकारनं नव्या वसाहतीत बांधलेलं घर मिळालं. काका गप्प झाले. अबखाझांच्या गावांमध्ये परके आणून वसवले, अशी जी तक्रार त्यांनी मॉस्कोत रात्ररात्र ऐकली होती, त्यातलंच एक घर आता त्यांच्या समोर बोलत होतं. बेबियांच्या ते ध्यानात आलं. त्यांचा आवाज चढला. ‘‘आम्हाला तरी कुणी विचारलं होतं? आईनं सहा महिने पेटी उघडली नाही. परत जायचंय म्हणायची. माझा जन्म तिथला. मी कुठली?’’

काकांनी उत्तर दिलं नाही. नंतर मला म्हणाले, ‘‘त्या बाईंचंही खरं आहे, माझ्या मित्राचंही खरं आहे. हे दोन्ही ज्यानं घडवलं तो मात्र दरवेळी न्यायनिवाडा करायला येतो.’’

बलाढ्य शेजाऱ्यांचा हा खेळ जुनाच आहे. सतराव्या शतकात पूर्व जॉर्जियातल्या काखेतीच्या राजानं आपली आई, राणी केतेवान, इराणच्या शहा अब्बासकडं पाठवली. १६२४ मध्ये शिराझला हालहाल करून तिला मारलं. तिच्या अस्थी ऑगस्टिनियन धर्मगुरूंनी गोव्याला आणल्या. जुन्या गोव्यातल्या चर्चच्या अवशेषांत त्या सापडल्या, हैदराबादच्या प्रयोगशाळेनं डीएनएवरून खात्री केली, आणि २०२१ मध्ये भारतानं त्यांतला काही भाग जॉर्जियाला दिला. इराणच्या भीतीनं तिथल्याच राजा एरेक्लेनं १७८३ मध्ये रशियाशी संरक्षणाचा तह केला. १७९५ मध्ये इराणी फौजेनं तिबिलिसी लुटलं, तेव्हा रशिया आला नाही. १८०१ मध्ये आला तो राज्यच खालसा करायला. काका म्हणत, पुढच्याच वर्षी आपल्याकडं दुसऱ्या बाजीरावानं वसईच्या तहावर सही केली.

२००८ च्या ऑगस्टमध्ये दक्षिण ओसेतिया या जॉर्जियातून फुटलेल्या दुसऱ्या मुलखातल्या त्स्खिनवालीवरून रशिया आणि जॉर्जियात पाच दिवसांचं युद्ध झालं. रशियानं दक्षिण ओसेतिया आणि अबखाझिया यांना स्वतंत्र देश म्हणून मान्यता दिली. त्याआधीच तिथल्या बहुतेकांच्या हातात रशियन पासपोर्ट पोचले होते, त्यामुळं सैन्य घुसवताना ‘आमच्या नागरिकांचं रक्षण’ असं म्हणता आलं. दक्षिण ओसेतियाच्या हद्दीवर पुढं तारांची कुंपणं आली. एकाच गावातलं घर एका बाजूला आणि शेत दुसऱ्या बाजूला, असं झालं.

अबखाझ जिंकले, पण त्यांना काय मिळालं? २०२३ मध्ये ओचामचिरेला रशियन नौदलाचा तळ करायचं जाहीर झालं. नोव्हेंबर २०२४ मध्ये रशियन गुंतवणुकीला मोकळीक देणारा करार संसदेपुढं आला, तेव्हा हजारो अबखाझ रस्त्यावर उतरले, संसदेचं फाटक गाडीनं तोडून आत शिरले, आणि राष्ट्राध्यक्षाला पायउतार व्हावं लागलं. आपली किनारपट्टी पैसेवाल्यांच्या घशात जाईल आणि आपण आपल्याच देशात मूठभर उरू, ही त्यांची भीती. ती मला अजिबात अवाजवी वाटत नाही. १९३९ ची आठवण असलेल्या समाजाला दुसरं काय वाटणार?

या दोन्ही बातम्या मी बेबियांना फोनवर सांगितल्या. त्यांना आनंद झाला नाही. तळाबद्दल त्यांनी विचारलं, ‘‘ओचामचिरेत कुठं, बंदरात? की आमच्या वसाहतीपर्यंत?’’ मी नकाशा पाहून सांगते म्हणाले. ‘‘बघ,’’ त्या म्हणाल्या, ‘‘आणि तुझ्या काकांना विचार, तो मित्र जिवंत आहे का. त्याचं घर गुदाउतात, म्हणजे तिथल्या रशियन तळाजवळच. त्याचं काय झालं?’’

काकांनी त्याला सत्तरच्या दशकानंतर पाहिलेलं नाही. पत्ता त्यांच्या डायरीत आहे, सोव्हिएत पद्धतीचा, रस्त्याचं नाव आता बदललेलं. बेबियांच्या आग्रहावरून त्यांनी गेल्या दिवाळीत रशियनमध्ये पत्र लिहिलं, आणि त्यात बेबियांनी फोनवर सांगितलेली दोन वाक्यं घातली. ती काय होती, ते दोघांपैकी कुणीच मला सांगत नाही.